कोकणात खेळाचं समालोचन करायचंय? वाडीच्या मंडपापासून रेडिओपर्यंत कसं जायचं, स्टेप बाय स्टेप

गावच्या टुर्नामेंटला माइकवर बोलणारी पोरं आपल्याकडे भरपूर आहेत, आवाजही एकेकाचे खणखणीत आहेत, पण त्यातली फार थोडी पुढे रेडिओपर्यंत जातात. कारण सोपं आहे, पुढचा रस्ता कुणी नीट सांगतच नाही. मी दापोली-गुहागर-चिपळूण पट्ट्यात कबड्डी आणि टेनिस बॉल क्रिकेट दोन्हीचं समालोचन करत आलोय, आकाशवाणीच्या ऑडिशनमधूनही गेलोय, त्यामुळे जे मला तुकड्या-तुकड्यांत कळलं ते इथे एका जागी लिहितोय.

सगळ्यात आधी एक गोष्ट पक्की करा. मैदानात बसलेला माणूस खेळ बघतोच आहे, त्याला तुमची गरज कमी आहे. तुमची खरी गरज आहे ती विरार लोकलमध्ये एका कानात इअरफोन घालून उभ्या असलेल्या चाकरमान्याला, ज्याचा धाकटा भाऊ आत्ता चढाईला गेलाय, किंवा घरी पडवीत बसलेल्या आजीला जिला आता फोनच्या स्क्रीनवरचं दिसत नाही. जो बघत नाहीये त्याच्यासाठी बोलायचं. लाउडस्पीकर असो, यूट्यूब लाइव्ह असो नाहीतर आकाशवाणी असो, हे जमलं की बाकी सगळं शिकता येतं.

१. आधी कान तयार करा

टीव्हीवरची कॉमेंट्री ऐकून रेडिओची कॉमेंट्री येत नाही. टीव्हीवर चित्र असतं म्हणून ते लोक गप्प बसू शकतात, रेडिओवर तुम्ही दहा सेकंद गप्प बसलात तर ऐकणाऱ्याला वाटतं रेंज गेली. न्यूज ऑन एअर हे ॲप फोनमध्ये टाका, त्यावर आकाशवाणीची केंद्रं ऐकायला मिळतात, मोठ्या मॅचची रेडिओ कॉमेंट्री असेल तेव्हा डोळे मिटून ऐका आणि कागदावर लिहा की पाच मिनिटांत स्कोअर किती वेळा सांगितला, बॉल कुठे गेला ते कळलं का, बॉलर कुठल्या एंडकडून येतोय ते समजलं का.

मराठीत क्रिकेटची कॉमेंट्री रुजवण्यात बाळ ज. पंडित यांचं नाव पहिलं घ्यावं लागतं, आणि वि. वि. करमरकरांनी खेळावर मराठीत बोलायची आणि लिहायची एक शिस्त घालून दिली. षटक, यष्टिरक्षक, निर्धाव असे शब्द आपण सहज वापरतो ते आयते आलेले नाहीत, या लोकांनी ते वापरून वापरून लोकांच्या तोंडी बसवले. घरात जुन्या माणसांना विचारा, ट्रान्झिस्टरवर ऐकलेलं बरंच काही आठवत असतं त्यांना.

२. खेळ निवडा आणि नियम तोंडपाठ करा

सुरुवातीला एकच खेळ धरा. माझं मत विचाराल तर कबड्डी, कारण मैदान छोटं, सगळे खेळाडू नजरेसमोर आणि वेग इतका की तुमची जीभ आपोआप तयार होते. शिवाय कबड्डी आपल्याकडे मुरलेली आहे. कबड्डीमहर्षी बुवा साळवींचा जन्मदिवस १५ जुलै, महाराष्ट्रात हा दिवस कबड्डी दिन म्हणून पाळतात, हे माहीत नसेल तर माइक हातात घ्यायच्या आधी माहीत करून घ्या.

कबड्डीचं किमान एवढं पाठ हवं: मैदानात सात खेळाडू, चढाई ३० सेकंदांची, पुरुषांच्या मोठ्या गटात २०-२० मिनिटांचे दोन डाव आणि मध्ये ५ मिनिटांची विश्रांती (गावच्या स्पर्धेत वेळ कमी करतात, ती आधी विचारून घ्या). समोर सहा किंवा सात जण असतील तरच बोनस, म्हणजे बोनस रेषा ओलांडल्याचा गुण. समोरचा अख्खा संघ बाद झाला की लोण, त्याचे दोन गुण जादा. बचावात तीन किंवा कमी जण असताना पकड झाली तर सुपर टॅकल, एक गुण जास्त. सलग दोन चढाया रिकाम्या गेल्या तर तिसरी डू ऑर डाय, म्हणजे गुण आणला नाही तर चढाई करणारा बाद, पण हा नियम तुमच्या स्पर्धेत लावलाय का ते पंचांना विचारा, सगळीकडे नसतो.

टेनिस बॉल क्रिकेटमध्ये मॅच चार, पाच किंवा सहा ओव्हरची, म्हणजे सगळं गणित २४, ३० नाहीतर ३६ बॉलचं. १४ बॉलमध्ये २३ पाहिजेत, हे स्कोअररकडे न बघता तोंडात आलं पाहिजे. आणि आपल्याकडे प्रत्येक ग्राउंडचे आपले नियम असतात. भातकापणी झाल्यावर मळ्यात नाहीतर कातळावर पिच टाकलेलं असतं, एका बाजूला बांध, दुसऱ्या बाजूला कुणाची तरी आंब्याची कलमं, मग त्या बाजूला बॉल गेला तर दोनच धावा, फांदीला लागला तर डेड बॉल, एलबीडब्ल्यू नाही, असं काहीही असू शकतं. मॅचच्या आधी आयोजकांना गाठून हे लिहून घ्या आणि सुरुवातीलाच श्रोत्यांना सांगा, नाहीतर मुंबईत ऐकणारा विचारात पडतो की एवढा लांब मारला तर दोनच कशा.

खो-खो पण लक्षात ठेवा. रत्नागिरीच्या मुली खो-खोत किती पुढे आहेत ते वेगळं सांगायला नको, पण चांगला बोलणारा मिळत नाही. मॅच पटकन पुढे सरकते, आठ जण बसलेले आणि नववा धावतोय, कोण उठलं कोण बसलं हे सांगणं कठीण आहे, म्हणून तिथे समालोचकांमध्ये चढाओढही कमी आहे.

३. घरी प्रॅक्टिस

टीव्हीवर किंवा यूट्यूबवर जुनी मॅच लावा, आवाज पूर्ण बंद करा, फोनचं रेकॉर्डर चालू करा आणि बोला. एका वेळी दहा-पंधरा मिनिटं, जास्त नको. मग ती रेकॉर्डिंग दुसऱ्या दिवशी ऐका, त्याच दिवशी ऐकू नका कारण मॅच डोक्यात ताजी असते आणि तुम्ही न सांगितलेलंही तुम्हाला ऐकू येतं.

ऐकताना तीन गोष्टी शोधा. पहिली, तुमचे अडखळण्याचे शब्द, म्हणजे “आणि या ठिकाणी”, “निश्चितच”, “बघा मंडळी”, प्रत्येकाचा एक असतोच. दुसरी, वाक्याचा शेवट गिळता का. तिसरी, सगळ्याला एकच सूर लावता का, कारण साध्या एका रनला पण षटकारासारखं ओरडलात तर खरा षटकार आल्यावर तुमच्याकडे काय उरलं?

भाषेबद्दल खूप जण विचारतात की प्रमाण मराठीत बोलू की आपल्या गावच्या. गावच्या मंडपात आपली बोली चालते आणि लोकांना आवडते, रेडिओवर उच्चार स्पष्ट लागतात, न-ण आणि ल-ळ चुकलेला ऑडिशनमध्ये लगेच पकडला जातो. रोज पेपरमधला एक लेख मोठ्याने वाचा, हा उपाय जुना आहे पण दुसरा मला तरी सापडला नाही.

४. नावांची वही

ही स्टेप सगळे टाळतात आणि इथेच चांगला-वाईट कळतो. आपल्याकडे वाडीचा संघ म्हणजे कित्येकदा अख्खा संघ एकाच आडनावाचा. नुसतं आडनाव घेऊन बोललात तर सातही जण तेच, ऐकणाऱ्याला काय कळणार? म्हणून मॅचच्या आधी अर्धा तास कर्णधाराकडे जायचं, प्रत्येकाचं नाव, जर्सी नंबर, डावखुरा की उजवा, कबड्डी असेल तर कुठल्या जागेवर, आणि गावात त्याला काय हाक मारतात ते वहीत लिहायचं. टोपणनाव माइकवर घ्यायच्या आधी त्या खेळाडूला विचारा, काही टोपणनावं मित्रांपुरतीच असतात.

जर्सीवर छापलेल्या नावावर विश्वास ठेवू नका, उसनी जर्सी घालून उतरणारे असतातच. नंबर पण दोघांचा एकच निघतो कधी कधी, मग बुटाचा रंग, हेडबँड, गुडघ्याची पट्टी असली काही खूण लिहून ठेवा. क्रिकेटमध्ये स्कोअरर क्रिकहीरोज वापरत असेल तर ते ॲप तुमच्याही फोनवर उघडून ठेवा, प्लेइंग इलेव्हन आणि खेळाडूचे आधीचे आकडे तिथे मिळतात, पण लाडघर-कर्देच्या किनाऱ्यावर नाहीतर आतल्या वाडीत रेंज गेली की ॲप गेलं, वही राहते.

५. बोलायचं कसं: क्रम ठरलेला ठेवा

क्रिकेटसाठी माझा क्रम असा: बॉलर कोण आणि कुठल्या बाजूने, बॅट्समन कोण, बॉल कसा पडला, काय केलं, कुठे गेला, किती धावा, स्कोअर, किती बॉल बाकी. दरवेळी सगळं येणार नाही पण शेवटचे तीन कधीच सोडायचे नाहीत.

कबड्डीचा नमुना देतो, मोठ्याने वाचून बघा:

“चढाईला निघालाय संकेत, नऊ नंबर. समोर सहा जण. डाव्या कोपऱ्याकडे सरकला, उजवा पाय बोनस रेषेपलीकडे, मागचा पाय हवेत, पंचांचा अंगठा वर, बोनस! अजून आत आहे, कव्हरमधून दोघे पुढे आले, मांडीला हात पडला, ओढतोय, ओढतोय, मध्यरेषा अजून दोन हात, बोटं टेकली! गुरववाडी चौदा, पाटीलवाडी बारा, चार मिनिटं बाकी.”

यात कौतुकाचं विशेषण एकही नाही बघा. “अप्रतिम”, “डोळ्यांचे पारणे फेडणारी” वगैरे चढाई संपल्यावर बोला पाहिजे तर. खेळ चालू असताना फक्त कोण, कुठे, काय. आणि पंचांची शिट्टी आणि खूण झाल्याशिवाय गुण जाहीर करायचा नाही, हा नियम स्वतःला घालून घ्या.

जागा सांगणं ही रेडिओची खरी कला. बीबीसीने १५ जानेवारी १९२७ ला ट्विकेनहॅमवरून इंग्लंड-वेल्स रग्बी मॅचचं थेट समालोचन केलं तेव्हा त्यांच्या साप्ताहिकात मैदानाचा चौकोन पाडलेला नकाशा छापला होता, एक जण खेळ सांगायचा आणि दुसरा मध्येच चौकोनाचा नंबर म्हणायचा, म्हणजे घरी बसलेल्याला बोट ठेवून बघता येई बॉल कुठे आहे ते. आपल्याला नकाशा छापता येत नाही, पण सुरुवातीला एक मिनिट देऊन मैदान उभं करता येतं: मंडप कुठे, शाळा कुठल्या बाजूला, समुद्र कुठे, वारा कुठून. मग “शाळेच्या दिशेने उंच उडवलाय” म्हटलं की गावचा माणूस मुंबईत बसून सुद्धा मान वळवून बघतो. मात्र रेडिओवर बाहेरचे श्रोतेही असतात, तिथे लाँग ऑन, मिडविकेट हे पण सोबत सांगा.

स्कोअरबद्दल वेगळं लिहितो कारण हीच तक्रार सगळ्यात जास्त येते. अमेरिकेत ब्रुकलिन डॉजर्स या बेसबॉल संघाचे रेडिओ समालोचक होते रेड बार्बर, ते समोर तीन मिनिटांचं वाळूचं घड्याळ ठेवायचे, वाळू खाली गेली की स्कोअर सांगायचा आणि घड्याळ उलटं करायचं. आपल्या चार ओव्हरच्या मॅचमध्ये तीन मिनिटं पण जास्त होतात, प्रत्येक बॉलनंतर सांगा. तुम्हाला वाटेल लोक कंटाळतील. कंटाळत नाहीत, ऐकणारा सारखा नवीन येत असतो.

कुणी जखमी झालं तर आवाज खाली आणा, जे दिसतंय तेवढंच सांगा, “पाय मोडला वाटतं” असले अंदाज अजिबात नकोत. त्याची आई ऐकत असते हो. मैदानातल्या डॉक्टरला बोलवा, १०८ ला फोन गेलाय का ते आयोजकांना विचारा आणि खेळाडू उठून बसला की ते मात्र लगेच सांगा.

६. पहिला माइक कसा मिळतो

सरळ फायनलला माइक मागू नका, कुणी देणार नाही. पहिल्या दिवशी सकाळच्या मॅचेसना मंडपात माणूस नसतो, मुख्य समालोचक दुपारनंतर येतो, तेव्हा आयोजकांना भेटून सांगा की सकाळच्या मॅच मी करतो. स्कोअररच्या बाजूला बसून मदत केलीत तर अजून चांगलं, गुणलेखकाचं काम शिकलेला समालोचक आकड्यात कधी अडकत नाही.

वर्ष कसं चालतं तेही कळू दे. दिवाळीनंतर कबड्डी सुरू, रात्री लाइट लावून. डिसेंबरपासून क्रिकेट. शिमग्यात पालख्या असतात तेव्हा खेळ थोडा थांबतो, आणि मग एप्रिल-मेमध्ये चाकरमानी आले की प्रत्येक ग्रामस्थ मंडळाचा चषक, तेव्हा समालोचक कमी पडतात, तुमची संधी तीच. पावसाळ्यात क्रिकेट बंद, पण संगमेश्वर-लांजा-चिपळूण बाजूला चिखलात बैलजोड्यांच्या नांगरणी स्पर्धा होतात, गावठी गट, घाटी गट, तिथेही माइक लागतो आणि वेगात बोलायची जबरदस्त सवय होते.

जोडीने काम करा. बॉबी तल्यारखान १९३४ साली मुंबईतल्या क्रिकेट सामन्यापासून रेडिओवर बोलू लागले, ते दिवसभर एकटेच बोलायचे आणि दुसरा माणूस सोबत नको म्हणायचे, पण तो काळ आणि तो माणूस वेगळा. आपल्याकडे सकाळी नऊ ते रात्री दहा मॅचेस चालतात, लाल माती उडते, एकट्याचा घसा दुसऱ्या दिवशी बसतो. अर्धा-अर्धा तास वाटून घ्या.

७. सामान

• स्वतःचा एक वायरचा डायनॅमिक माइक. श्युअर एसएम५८ उत्तम, पण महाग, आहुजाचा साधा पण चालतो. वर फोम लावा, किनाऱ्यावर वाऱ्याचा घरघराट जातो.
• ब्लूटूथ माइक लाइव्हसाठी नको, आवाज चित्राच्या मागे पडतो.
• मिक्सरमधून फोनला आवाज द्यायची केबल आणि फोनचा योग्य जॅक. साऊंडवाल्या दादाशी आधी ओळख करून घ्या, पूर्ण दिवस तुम्ही त्याच्या हातात आहात.
• पॉवर बँक, वही, दोन पेन, क्लिपबोर्ड, स्टॉपवॉच.
• साधं पाणी. बर्फाचं सरबत मॅच संपल्यावर.

माइक स्पीकरच्या समोर धरू नका, शिट्टी मारतो. आणि लाइव्ह चालू असताना डीजेची गाणी तुमच्या फीडमध्ये जाऊ देऊ नका, यूट्यूबवर कॉपीराइट लागून व्हिडिओ म्यूट होतो किंवा उडतो, मॅचमधली तुमची मेहनत त्यात जाते. ओव्हरच्या मध्ये गाणं लागलं की साऊंडवाल्याला लाइव्हची लाइन बंद करायला सांगा.

८. मैदानावर लोक कुठे अडकतात

देणगीच्या चिठ्ठ्या. खेळ चालू असताना चिठ्ठ्या येत राहतात, अमुक यांच्याकडून रुपये पाचशे एक. नाव सुटलं की रुसवा, आणि मध्येच वाचलं तर बॉल सुटतो. आयोजकांशी आधीच ठरवा की चिठ्ठ्या ओव्हर संपल्यावर किंवा मध्यंतरातच वाचल्या जातील. मान्यवरांच्या स्वागताचंही तसंच.

पंचांचा निर्णय. माइकवरून त्यावर एक शब्द नको, “वाटत होता आउट” एवढं पण नको. गावच्या मैदानात तुमच्या एका वाक्यावरून दोन वाड्यांत वर्षभराचा अबोला होतो. तुमची स्वतःची वाडी खेळत असेल तर माइक जोडीदाराकडे द्या, सगळ्यात सोपं.

मुलींच्या मॅचला त्यांच्या दिसण्यावर किंवा “पोरी असून” अशी सुरुवात करणारी वाक्यं बंद. चढाई, पकड, वेग, यावर बोला, बोलण्यासारखं भरपूर असतं.

रात्री दहानंतर लाउडस्पीकर बंद, २००० सालच्या ध्वनिप्रदूषण नियमांत आहे, पोलिसांची परवानगी आयोजकांनी काढायची असते पण ती काढलीय का हे विचारायचं काम तुमचं, कारण आवाज तुमचा आहे.

सट्टा. अनोळखी माणूस फोन करून म्हणाला की आमच्या लीगला कॉमेंट्री करा, पैसे भरपूर देतो, तर ती लीग खरी आहे का बघा. २०२२ साली गुजरातच्या मेहसाणा जिल्ह्यात मोलिपूर गावात शेतात खोटी लीग उभी केली होती, खेळाडू म्हणून मजूर, रशियातल्या सट्टेबाजांसाठी यूट्यूबवर लाइव्ह, आणि माइकवर हर्षा भोगले यांच्या आवाजाची नक्कल करणारा माणूस. पोलिसांनी पकडली. तसंच पैसे लावायच्या ॲपची जाहिरात माइकवर वाचू नका, २०२५ च्या ऑनलाइन गेमिंगच्या कायद्याने ती जाहिरातच गुन्हा झालीय.

९. पैशाचं बोलून घ्या

लाजू नका. किती दिवस, किती तास, जेवण कोणाकडे, रात्री मुक्काम की वस्तीची एसटी पकडायची, हे सगळं व्हॉट्सॲपवर लिहून घ्या, तोंडी नको. थोडा ॲडव्हान्स घ्या आणि व्यवहार मंडळाच्या खजिनदाराशीच करा, मंडळात दहा जण असतात आणि प्रत्येक जण “होईल रे” म्हणतो. पावसाचा भरवसा नाही, मॅच रद्द झाली तर प्रवासखर्च मिळेल का तेही विचारा. या कामावर पूर्ण घर चालेल असं पहिल्या दोन-तीन सीझनला धरू नका, नोकरी, बागायत, दुकान जे आहे ते सांभाळून करा.

१०. रेडिओकडे

आपल्यासाठी जवळचं केंद्र म्हणजे आकाशवाणी रत्नागिरी, १९७७ पासून चालू. इथे बहुतेकांची गल्लत होते, त्यांना वाटतं क्लिप पाठवली की बोलावतील. आकाशवाणीत समालोचकांचं पॅनेल असतं आणि त्यासाठी ऑडिशन असते, ती जाहिरात निघाल्यावरच. त्याशिवाय नैमित्तिक उद्घोषक म्हणून आत जायचा रस्ता आहे, लोक त्याला कॅज्युअल अनाउन्सर म्हणतात, त्यात लेखी परीक्षा आणि आवाजाची चाचणी होते, आणि निवड झाली तरी ती नोकरी नाही, महिन्याला मोजक्याच ड्यूट्या मिळतात. हे माहीत असू द्या, नोकरी सोडून येऊ नका. पण स्टुडिओत घड्याळावर बोलायची जी शिस्त लागते ती मंडपात लागत नाही, म्हणून मी प्रत्येकाला हा रस्ता सुचवतो. जाहिरात प्रसार भारतीच्या वेबसाइटवर आणि केंद्रावर लागते, वयाची आणि शिक्षणाची अट त्यात नीट वाचा.

खाजगी एफएमवर स्वतःच्या बातम्या देता येत नाहीत, पण २०११ च्या एफएम धोरणात स्थानिक स्वरूपाच्या खेळांचं थेट समालोचन करायला वाव दिलाय. फार कमी लोकांना हे ठाऊक आहे. जिल्हा पातळीची स्पर्धा असेल आणि प्रायोजक तयार असेल तर आयोजकांना घेऊन स्टेशनकडे जायला काहीच हरकत नाही.

डेमो क्लिप तीन ते चार मिनिटांची ठेवा. सुरुवातीला नमस्कार-चमत्कार नको, थेट खेळातून सुरू, एक चुरशीचा भाग, एक संथ भाग, कारण संथ वेळेत तुम्ही काय बोलता त्यावरून ऐकणारा तुम्हाला ओळखतो. पाठीमागे संगीत अजिबात नको.

११. फाइलमध्ये काय ठेवायचं

• आधार, पॅन, बँक पासबुकच्या पहिल्या पानाची प्रत
• दहावी, बारावी, पदवीच्या मार्कलिस्ट आणि सर्टिफिकेट
• जन्मतारखेचा पुरावा (शाळा सोडल्याचा दाखला चालतो, पण नाव आधारशी जुळतंय का ते बघा, आपल्याकडे आडनावाच्या स्पेलिंगमध्ये फरक असतो आणि तिथेच अर्ज अडकतो)
• पासपोर्ट साइज फोटो
• ज्या स्पर्धांना बोललात त्यांची पत्रं. सन्मानचिन्ह कपाटात राहतं, अर्जाला पत्र लागतं, म्हणून बक्षीस समारंभाच्या दिवशीच मंडळाच्या लेटरहेडवर तारीख-सही-शिक्क्यासह लिहून घ्या, नंतर मंडळी मुंबईला गेली की पुढच्या मेपर्यंत सापडत नाहीत
• डेमो क्लिप पेन ड्राइव्हवर आणि ईमेलमध्ये, दोन्हीकडे

सगळ्याचे स्कॅन आत्ताच काढून फोनमध्ये ठेवा. जाहिरात निघते तेव्हा मुदत थोडी असते, त्यात तुम्ही नेमके कुठल्यातरी मैदानावर असता आणि तालुक्याच्या सायबर कॅफेत त्याच दिवशी लाइट नसते.